आई-बाबांना, नामपुलाहून

ती. आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

बाबा, परवा फोनवर तुम्ही विचारलंत की मोझांबिकच्या स्वातंत्र्याला पन्नास वर्षं झाली, एवढी जमीन, एवढा समुद्रकिनारा, मग हे लोक अजून वर का येत नाहीत? तेवढ्यात लाइन तुटली. बरंच झालं म्हणायचं, कारण याचं उत्तर फोनवर देता आलं नसतं. आज सुट्टी आहे, तर बैजवार लिहिते.

25 जून 1975 ला मोझांबिक स्वतंत्र झाला. समोरा माशेल पहिले राष्ट्राध्यक्ष झाले. हा माणूस मूळचा दवाखान्यातला नर्स, मग जंगलात जाऊन पोर्तुगीजांशी लढलेला. स्वातंत्र्य चळवळीचे त्यांच्या आधीचे नेते एदुआर्दो मोंडलाने यांना 1969 मध्ये दार-ए-सलाममध्ये पार्सल बॉम्बने मारलं होतं. पोर्तुगीज इथे 1498 पासून, म्हणजे वास्को द गामा आपल्याकडे यायच्या वाटेवर इथे थांबला तेव्हापासून. आणि 1752 पर्यंत हा मुलूख चालायचा कुठून, तर गोव्यातून. जुन्या गोव्याच्या हुकमावर इथला कारभार. मला हे इथे येईपर्यंत कोणी शिकवलं नव्हतं.

एवढ्या शतकांनंतर मागे काय ठेवलं ते बघा. शंभरातल्या नव्वदाहून जास्त माणसांना अक्षरओळख नव्हती. रेल्वेचा नकाशा पाहिलात तर तुम्हाला लगेच उमगेल. दक्षिणेतल्या राजधानी मापुतोहून एक रूळ दक्षिण आफ्रिकेत जातो, बैराहून एक झिंबाब्वेत, नकालाहून एक उत्तरेतल्या आमच्या नामपुलावरून मलावीत. सगळे समुद्राकडून आत, शेजाऱ्यांचा माल बंदरावर आणायला. उत्तर आणि दक्षिण जोडणारा एकही रूळ नाही. इथून राजधानीला जायचं तर दोन हजार किलोमीटर रस्त्याने, किंवा विमानाने. देश एक करावा असा कोणी विचारच केला नव्हता. उत्तरेत शेतकऱ्यांवर कापसाची सक्ती, घरात खायला नसलं तरी कापूसच लावायचा. दक्षिणेतले पुरुष दक्षिण आफ्रिकेच्या खाणीत, आणि त्यांच्या मजुरीतला वाटा पोर्तुगाल सरकारला सोन्यात मिळायचा. याशिवाय 'शिबालो', म्हणजे वेठबिगारी.

मग पोर्तुगीज गेले, तेही एका दमात. डॉक्टर, इंजिनिअर, दुकानदार, मेकॅनिक, बहुतेक सगळेच. जाताना ट्रॅक्टर समुद्रात ढकलले, इमारतींच्या लिफ्टच्या खड्ड्यात सिमेंट ओतलं, असं जुने लोक अजून सांगतात. मास्तर नाहीत आणि गाडी चालवणारा नाही अशा अवस्थेत राज्य सुरू झालं. तरी पहिल्या चार-पाच वर्षांत त्यांनी शाळा काढल्या, लसीकरण केलं, प्रौढांचे वर्ग चालवले. आई, मला या माणसांबद्दल आदर वाटतो तो इथूनच.

त्यांना स्वस्थ बसू दिलं असतं तर काय झालं असतं, हा विचार मनातून जात नाही. शेजारी ऱ्होडेशिया गोऱ्यांचा. मोझांबिकने 1976 मध्ये त्याची सीमा बंद केली, बंदराचं उत्पन्न बुडत असताना. ऱ्होडेशियाच्या गुप्तहेर खात्याने मग इथलेच नाराज लोक गोळा करून 'रेनामो' नावाची फौज उभी केली. 1980 मध्ये ऱ्होडेशियाचा झिंबाब्वे झाला, तेव्हा ती फौज दक्षिण आफ्रिकेच्या वर्णभेदी सरकारने पोसली. खाणीत जाणाऱ्यांची भरतीही 1975 मध्ये लाखावर होती, ती त्याच सरकारने दोन वर्षांत निम्म्याहून खाली आणली. रेनामोने शाळा जाळायच्या, दवाखाने जाळायचे, रूळ उखडायचे, मास्तर आणि नर्स दिसले की मारायचे, असं 1992 पर्यंत चाललं. सुमारे दहा लाख माणसं लढाईत आणि भुकेत गेली असं मानतात.

पण सगळा दोष बाहेरच्यांच्या माथी मारला तर ते खोटं होईल, आणि तुम्ही बरोबर पकडाल. माशेलांच्या फ्रेलिमो पक्षाने गावंच्या गावं उठवून सामुदायिक वस्त्यांत घातली. गावचे परंपरागत मुखिया, वयात आलेल्या मुलामुलींचे विधी, सगळं मागासलेलं म्हणून बंद करायला निघाले. 1983 मध्ये तर शहरात कागदपत्रं नसलेल्या, कामधंदा नसलेल्या माणसांना उचलून पार उत्तरेला नियासाच्या रानात नेऊन सोडलं. कित्येकांच्या घरी पत्ताही नव्हता. विरोधकांना 'सुधारणा' छावण्यांत डांबलं, तिथून बरेच परत आले नाहीत. आमच्या नामपुला प्रांतात रेनामोला जे बळ मिळालं त्यात या दुखावलेल्या गावांचा वाटा मोठा आहे. चांगलं करायला निघालेल्या माणसांनी गावाला विचारलंच नाही, हे मला फार लागतं.

बाबा, आपल्या बाजूच्या एका माणसाबद्दल तुम्हाला सांगायचंच होतं. आकिनो द ब्रागांसा. जन्म गोव्यातल्या बार्देशातला, 1924 चा. पोर्तुगीजांच्या सगळ्या वसाहतींतल्या चळवळींना एकत्र आणणारी जी संघटना 1961 मध्ये कासाब्लांकात झाली, तिच्या उभारणीत ते होते. गोवा डिसेंबरात सुटला, पण हे मोझांबिकसाठी झटत राहिले. स्वातंत्र्यानंतर मापुतोच्या विद्यापीठात आफ्रिका अभ्यास केंद्र चालवलं, माशेलांचे सल्लागार झाले. 1982 मध्ये रूथ फर्स्ट या वर्णभेदाविरुद्ध लढणाऱ्या दक्षिण आफ्रिकी अभ्यासक बाईंना तिथेच पत्रबॉम्बने मारलं, तेव्हा तेही खोलीत होते. जखमी झाले, वाचले. 19 ऑक्टोबर 1986 ला माशेलांचं विमान दक्षिण आफ्रिकेच्या हद्दीत म्बुझिनीच्या टेकडीवर आदळलं, त्यात माशेलांबरोबर आकिनोही गेले. आपल्या वेंगुर्ल्याहून बार्देश किती लांब? आणि आपल्याकडे त्यांचं नाव कोणाच्या तोंडी नाही.

इथल्या भारतीय लोकांना मात्र गोव्याची किंमत मोजावी लागली. डिसेंबर 1961 मध्ये आपलं सैन्य गोव्यात शिरलं, तर पोर्तुगीजांनी इथल्या भारतीय नागरिकांना छावण्यांत कोंडलं, दुकानं-घरं जप्त केली आणि देशाबाहेर काढलं. पिढ्यान्‌पिढ्या इथे व्यापार केलेली गुजराती माणसं त्यात होती.

आता काजू. बाबा, हे तुमच्यासाठी. तुम्ही कारखान्यात हिशेब लिहायचात तेव्हा 'आफ्रिकेची बी' हा शब्द मी किती वेळा ऐकला असेन. आपला हंगाम मार्च ते मे, इथला ऑक्टोबरपासून पुढे. म्हणून आपली बी संपली की इथली यायची आणि कारखाना चालू राहायचा. ती बी इथून यायची. काजू दोन्हीकडे पोर्तुगीजांनीच ब्राझीलमधून आणला. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला मोझांबिक जगात काजूत पहिला होता, वर्षाला दोन लाख टनांवर बी. फोडायचे मोठे कारखाने इथेच होते आणि त्यात हजारो बायका कामाला. लढाईत माणसं रानात जायला घाबरली, झाडं म्हातारी झाली, तरी कारखाने कसेबसे तग धरून होते. 1995 च्या सुमाराला जागतिक बँकेने कर्जासाठी अट घातली की कच्च्या बीवरचा निर्यात कर उतरवा, शेतकऱ्याला भाव मिळेल. कर उतरला. भावातली वाढ बहुतेक व्यापाऱ्यांच्या खिशात राहिली. बी जहाजाने भारतात गेली, आणि इथले कारखाने एकामागून एक बंद पडले. सुमारे दहा हजार कामगार घरी बसले. कार्लुस कार्दोझो नावाचा एक पत्रकार यावर सतत लिहायचा, फॅक्सवर छोटं वर्तमानपत्र काढायचा. एका बँकेतल्या अफरातफरीच्या मागे लागला आणि नोव्हेंबर 2000 मध्ये मापुतोच्या रस्त्यात त्याला गोळ्या घातल्या.

पुढे सरकारने कर पुन्हा चढवला आणि नामपुलाकडे लहान कारखाने उभे राहिले. पद्धत आपलीच, बी उकडायची आणि हातापायाने चालणाऱ्या यंत्रावर एकेक फोडायची. आमच्या कारखान्यात बायका ओळीने बसतात. डाव्या हाताने बी पात्यांत धरायची, पायाने दाबायचं, टरफल दुभंगलं की गर अख्खा काढून टोपलीत. टरफलातल्या तेलाने हात भाजू नयेत म्हणून बोटांना दुसरं तेल चोळून घेतात. अख्खा गर किती निघाला यावर मजुरी. आई, पहिल्या दिवशी तो वास आला आणि मला आपली शेजारची काकू आठवली, तिचीही बोटं अशीच काळी असायची.

तुला इथल्या बायका आवडतील. हे लोक माकुआ. मूल आईच्या कुळाचं, आणि लग्नानंतर नवरा बायकोच्या गावी राहायला येतो. किनाऱ्यावर बायका 'मुसिरो' नावाचं लाकूड दगडावर उगाळून तोंडाला पांढरा लेप लावतात, अगदी आपण चंदन उगाळतो तसं. कमरेला 'कापुलाना'चं रंगीत कापड, त्यातच पाठीवर मूल.

आमच्याकडे एक पन्नाशीच्या पुढची बाई आहे. तिचा भाऊ लहानपणी रेनामोने पळवून नेला होता, बंदूक हातात दिली होती. 1992 च्या ऑक्टोबरात रोममध्ये करार झाला, त्यानंतर तो परत आला. त्याला थेट घरात घेतलं नाही. नदीवर नेऊन आंघोळ घातली, रानातले कपडे जाळले, वैदूने पूर्वजांना सांगितलं की हा आपला आहे, याच्या हातून झालं ते मागे राहू दे. मग जेवायला वाढलं. ज्यांची घरं त्या लोकांनी जाळली ते त्याच गावात आजही राहतात. दक्षिण आफ्रिकेसारखा सत्यशोधन आयोग इथे झाला नाही, सर्वांना माफी देणारा कायदा झाला आणि उरलेलं गावांनी असं निस्तरलं. मला त्यांचं हे काम कुठल्याही सरकारी कामापेक्षा मोठं वाटतं.

राज्यकर्त्यांनी मात्र या शांततेचं सोनं केलं नाही. सत्ता पन्नास वर्षं एकाच पक्षाकडे. 2013-14 मध्ये संसदेला अंधारात ठेवून सुमारे दोन अब्ज डॉलरचं कर्ज काढलं, 2016 मध्ये ते उघडं पडलं, परदेशी मदत थांबली, चलन घसरलं. त्या वेळचे अर्थमंत्री मानुएल शांग यांना जानेवारी 2025 मध्ये न्यूयॉर्कच्या कोर्टाने शिक्षा सुनावली. उत्तरेच्या काबो देलगादोत गॅस सापडला, त्यात आपल्या सरकारी कंपन्यांचाही वाटा आहे, पण तिथल्या तरुणांना त्यातलं काही मिळालं नाही. 2017 पासून तिथे बंडखोरांचा हिंसाचार आहे. त्यातून पळालेली कुटुंबं नामपुलात आली, आमच्या कारखान्यातही काही बायका तिकडच्या.

आई, तू 2024 च्या शेवटी घाबरली होतीस ते ऑक्टोबरच्या निवडणुकीचं. निकालात गडबड झाली असं लोकांचं म्हणणं, निरीक्षकांनीही आक्षेप घेतले. विरोधी बाजूचे वकील एल्विनो दियश यांना मापुतोत गाडीत गोळ्या घातल्या. मग देशभर तरुण रस्त्यावर. रात्री ठरल्या वेळी घराघरातून भांडी बडवायचे. आमच्या गल्लीतही म्हाताऱ्या बायका दारात उभ्या राहून पातेल्यावर कालथा मारत होत्या. त्यात तीनशेहून जास्त लोक मेले असं इथल्या नागरी संघटना सांगतात. आता शांत आहे, मी रात्रीची बाहेर पडत नाही, काळजी करू नकोस. मार्चमधल्या वादळाने उडालेले कारखान्याचे पत्रेही बसवून झाले.

तर बाबा, वर का येत नाहीत, याचं माझं उत्तर हे. ही माणसं खाली बसलेली नाहीत. प्रत्येक वेळी उभी राहिली तेव्हा कोणी ना कोणी पाय ओढला, कधी शेजाऱ्याने, कधी बँकेने, कधी आपल्याच पुढाऱ्याने. आणि त्या हिशेबात एक पान आपल्याकडचंही आहे. तुम्ही वाण्याकडून आणता त्या तुरीतही इथली तूर असते, 2016 मध्ये दोन्ही सरकारांत तसा करार झाला. इथले शेतकरी ती मुख्यतः आपल्यासाठीच पिकवतात.

म्हणून एक काम सांगते. माळ्यावरच्या ट्रंकेत तुमच्या जुन्या वह्या असतील. 1995 ते 2000 मधल्या कुठल्याही वर्षी आफ्रिकेची बी कारखान्याला काय भावाने पडली, तेवढं बघून कळवा. इथल्या शेतकऱ्याला तेव्हा किलोमागे काय मिळालं ते मी आमच्या भागातल्या म्हाताऱ्यांना विचारते आहे, दोघांनी सांगितलंय, आणखी काहींना भेटायचंय. दोन्ही आकडे शेजारी ठेवून मला बघायचेत. वहीचं पान मोबाईलवर फोटो काढून पाठवलंत तरी चालेल, भाऊला सांगा तो काढून देईल.

आई, गुडघ्याचं तेल संपलं असेल तर मागवून घे, पैसे पाठवलेत.

तुमची,
बाय