ब्रिस्बेनचा एड क्युपर आणि नागपूरचे गिटारवाले

महोदय,

पंक संगीताच्या, म्हणजे सत्तरच्या दशकातल्या त्या वेगवान, बंडखोर रॉकच्या, पन्नाशीवर आपल्या रविवार पुरवणीत आलेला लेख आवडला. पण तो लंडन-न्यूयॉर्कच्या पलीकडे गेलाच नाही, आणि नागपूरच्या वाचकाला ज्याची गोष्ट सर्वांत जवळची वाटावी तो माणूस नेमका सुटला. तो म्हणजे ब्रिस्बेनचा गिटारवादक एड क्युपर.

ब्रिस्बेन ही क्वीन्सलँडची राजधानी खरी, पण ऑस्ट्रेलियातल्या संगीताचा धंदा सगळा सिडनी-मेलबर्नला. आपली उपराजधानी आणि मुंबई-पुणे, तसेच काहीसे. त्यात कडक सरकार आणि त्याहून कडक पोलीस. १९७७ मध्ये तर तिथे रस्त्यावरच्या मोर्चांवरच बंदी आली. अशा गावात क्युपर, गायक ख्रिस बेली आणि त्यांचा ड्रमर शाळकरी वयापासूनचे सोबती. त्यांच्या ‘द सेंट्स’ या बँडला कोणी कार्यक्रम देईना, तेव्हा या पोरांनी पेट्री टेरेसवरच्या आपल्या भाड्याच्या घरालाच क्लब केले आणि नाव ठेवले ‘क्लब ७६’.

रेकॉर्ड कंपनीची वाटही त्यांनी पाहिली नाही. ‘आयम स्ट्रँडेड’ हे गाणे १९७६ च्या सप्टेंबरात स्वतःच्याच लेबलवर काढले, जेमतेम ५०० प्रती छापल्या आणि टपालाने पत्रकारांना, रेडिओवाल्यांना धाडल्या. तोवर इंग्लंडमधल्या एकाही पंक बँडची रेकॉर्ड बाजारात आली नव्हती. लंडनच्या ‘साउंड्स’ साप्ताहिकाने गाणे डोक्यावर घेतले, तेव्हा कुठे ईएमआय या बड्या रेकॉर्ड कंपनीला जाग आली.

मी गिटार शिकवतो, म्हणून हे गाणे विद्यार्थ्यांकडून हमखास वाजवून घेतो. कॉर्ड मोजकेच, पहिल्या वर्षाच्या मुलालाही जमतील असे. पण क्युपरचा उजवा हात साडेतीन मिनिटे थांबतच नाही. अर्ध्यावरच मुलांचे मनगट भरून येते आणि लय घसरायला लागते. ‘पंक म्हणजे नुसता गोंगाट’ म्हणणाऱ्याने एकदा हे वाजवून पाहावे.

पुढे बँड लंडनला गेला. तिथे पंकचा गणवेश ठरून गेला होता, कंपनीलाही यांना तसेच सजवायचे होते. यांनी साफ नकार दिला. उलट क्युपरने दुसऱ्या अल्बममध्ये ट्रम्पेट-सॅक्सोफोन आणले. १९७८ मध्ये तिसऱ्या अल्बमनंतर बँड फुटला. क्युपर ऑस्ट्रेलियात परतला, १९७९ मध्ये जॅझकडे झुकणारा ‘लाफिंग क्लाउन्स’ हा बँड काढला, मग एकट्याच्या नावावर अल्बममागून अल्बम केले. २०२२ मध्ये बेलीचे निधन झाले, तरी २०२४ मध्ये क्युपर ती जुनी गाणी घेऊन पुन्हा रंगमंचावर उभा होता. आज ब्रिस्बेनच्या ऑक्सली भागात त्याच्या नावाचे उद्यान आहे, तेही त्याच्या हयातीत! ज्या गावाने एकेकाळी वाजवायला जागा दिली नाही, त्याच गावाने.

आपल्या मुलांचे काय? धरमपेठेतल्या कॅफेत वाजवायला मिळते, पण फक्त हिंदी सिनेमाची गाणी. स्वतःचे गाणे सुरू केले की समोरून आवाज येतो, ‘भाऊ, ओळखीचं काहीतरी वाजव ना!’ गेल्या वर्षी एका महाविद्यालयाच्या स्नेहसंमेलनात माझ्या विद्यार्थ्यांचे वऱ्हाडीतले गाणे दुसऱ्या कडव्यावरच थांबवले गेले. ती मुले आता पुण्याला निघाली आहेत, आणि मला त्याचा फार त्रास होतो.

सुरेश भट सभागृहात सुमारे २,००० खुर्च्या आहेत. तेवढ्या नवख्या बँडने भरायच्या कशा? त्याला पन्नास-साठ माणसांची खोली पुरते. महापालिकेची समाजभवने लग्न-बारशाखेरीज कितीतरी संध्याकाळी कुलूपबंद असतात. त्यांपैकी दोन-चार तरी, रात्री दहाच्या आत कार्यक्रम संपवण्याच्या अटीवर, नाममात्र भाड्याने या मुलांना द्यावीत.

आणि आपल्याकडेही एक मागणे आहे. मुंबईच्या कलाकारांना आपण पान-पान देता. शुक्रवारच्या अंकात एक चौकट नागपुरात स्वतःची गाणी वाजवणाऱ्यांसाठी ठेवा: कोण, कुठे, किती वाजता. पहिल्या चार आठवड्यांची माहिती मी स्वतः आणून द्यायला तयार आहे.

– एक गिटार शिक्षक, मानेवाडा, नागपूर