ब्लोमबर्गची बायको, एवढंच?

संपादक महोदय,

कालच्या रविवार पुरवणीतला 'वाल्कोइनेन पेउरा' (म्हणजे पांढरा रेनडिअर) या सिनेमावरचा लेख वाचला. फिनलंडच्या जुन्या सिनेमाला अर्धं पान दिलंत त्याबद्दल आभार, एरवी आपल्याकडे युरोप म्हटलं की बर्गमन-गोदारच्या पुढे गाडी जात नाही. पण अख्ख्या लेखात मिर्यामी कुओस्मानेनचं नाव एकदाच, तेही कसं, तर 'दिग्दर्शक एरिक ब्लोमबर्ग यांनी आपल्या पत्नीला प्रमुख भूमिका दिली'. दिली म्हणे! अहो, पटकथा दोघांनी मिळून लिहिलीय, श्रेयनामावली तेवढी बघायची होती. आणि फोटो छापलात तोही रेनडिअरचा.

माझा हा राग जुना आहे. आमच्या इथल्या फिल्म सोसायटीत हा सिनेमा लावला तेव्हा मी हौसेने टिपण लिहून दिलं होतं. छापून आलं तर ब्लोमबर्गचा कॅमेरा, १९५३ चा कान चित्रपट महोत्सव, तिथले ज्युरी अध्यक्ष, फ्रेंच कवी-दिग्दर्शक कोक्तो, १९५७ चा गोल्डन ग्लोब, सगळं जागच्या जागी, आणि मिर्यामीवरचा परिच्छेद गायब. विचारलं तर सेक्रेटरी म्हणतात, "जागा नव्हती हो ताई." खाली फरसाणवाल्याची जाहिरात मात्र चांगली चार बोटं रुंद! वर कार्यक्रमात वीस मिनिटं भाषण, त्यातही ती नाहीच. मी मागून हात वर केला तर म्हणे प्रश्न नंतर, आणि नंतर दिवेच घालवले.

ज्यांनी सिनेमा पाहिलाय त्यांना तो मांत्रिकाच्या झोपडीतला प्रसंग आठवत असेल. नवरा सतत रेनडिअरच्या कळपामागे, म्हणून पिरिता, म्हणजे मिर्यामीच, उपाय मागायला जाते, साधी लाजरी नवी नवरी, आणि विधी चालू असताना तिचा चेहरा असा काही पालटतो की तो म्हाताराच टरकतो, कारण खरी ताकद त्याच्यात नाही, तिच्यात आहे. मेकअप नाही, ट्रिक नाही, नुसते डोळे. हे काय ब्लोमबर्गने केलं? फिनलंडवाल्यांनी तिला युस्सी, हा तिथला सिनेमाचा पुरस्कार, उगाच नाही दिला. १९६३ मध्ये अठ्ठेचाळिसाव्या वर्षी गेली बिचारी, त्याचीही ओळ नाही तुमच्या लेखात.

नवरा-बायकोने मिळून काम केलं की नाव नवऱ्याचं, हे आपल्याकडेही चालतंच, त्यावर आता काय लिहायचं. निदान शुद्धिपत्रात दोन ओळी टाका. आणि तिचा फोटो टाका, रेनडिअर पुरे झाले.

ता.क. शब्दकोड्याची उत्तरं पुढच्या रविवारी म्हणता आणि पुढच्या रविवारी त्या जागी सोन्याच्या दुकानाची जाहिरात असते. ७ उभा काय होतं ते एकदाचं कळवा.

– एक जुनी वाचक, डोंबिवली पूर्व