लिमाचं सुवर्ण आणि शाक्रिन्याचा इगोर

प्रिय दिन्या,

तुझं पत्र मिळालं. शेवटी तू एका ओळीत विचारलंस, "हा इगोर कोएल्यो म्हणजे कोण, आणि तू त्याच्याबद्दल एवढा का बोलतोस?" फोनवर हे धड सांगता येणार नाही, म्हणून निवांत लिहायला बसलोय. लांबेल. चहा घेऊन बस.

इगोर ब्राझीलचा बॅडमिंटनपटू. जन्म नोव्हेंबर 1996, रिओ दि जानेरोच्या पश्चिम भागातल्या शाक्रिन्या नावाच्या वस्तीतला. डोंगरउतारावर एकाला एक खेटलेली घरं, मधून चिंचोळ्या वाटा; तिथे अशा वस्तीला फावेला म्हणतात. त्याचे वडील सेबास्तियांव दियास दि ओलिव्हेरा. या माणसाचं बालपण अनाथ आणि गरीब मुलांसाठीच्या सरकारी संस्थेत गेलं. मोठं झाल्यावर हा खेळ त्यांच्या हाती लागला आणि 1998 च्या सुमारास त्यांनी वस्तीतल्या मुलांसाठी मिरातुस नावाची संस्था सुरू केली. पैसा मिळेल तसं बांधकाम, मिळेल त्या रॅकेटा, आणि समोर अशी मुलं की ज्यांनी बॅडमिंटनचं फूल कधी पाहिलेलंही नाही. इगोर त्याच हॉलमध्ये वाढला.

ब्राझीलमध्ये बॅडमिंटन म्हणजे काय असेल, याचा तू जरा अंदाज कर. तिथे पेतेका नावाचा एक जुना खेळ आहे. पिसं लावलेलं जाडसर फूल तळहाताने मारायचं. मिनास जेराइस भागात तो जाळी बांधून रीतसर खेळतात. म्हणजे पिसांचं फूल हवेत ठेवणं त्यांना परकं नाही. पण रॅकेट घेऊन खेळायचा हा खेळ तिथे फार उशिरा रुजला. आपल्या पुण्याच्या छावणीत इंग्रज अधिकारी 1870 च्या दशकात त्याचे नियम बसवत होते. ब्राझीलचा राष्ट्रीय महासंघ उभा राहिला 1990 च्या दशकात. पाठीशी जुने खेळाडू नाहीत, गावोगावी हॉल नाहीत, वर्तमानपत्रात जागा नाही. जी काही जागा असते ती फुटबॉलची, उरली तर व्हॉलीबॉलची.

सेबास्तियांव यांनी या मुलांना फुटवर्क शिकवलं ते सांबा या तिथल्या नाचाच्या तालावर. मला या सगळ्यात सर्वांत आवडतं ते हेच, म्हणून इथे थोडा रेंगाळतो. तू शिकवणारा आहेस, तुला लगेच कळेल. नवख्या मुलाचा दोष काय असतो? टाचेवर उभा राहतो, गुडघा सरळ ठेवतो, फूल आलं की मग हलतो. आपण ओरडतो, "टाचा उचल, पाय हलते ठेव," आणि पोरगं दोन मिनिटं ऐकतं. सांबात मुळात टाच टेकून चालतच नाही. वजन सतत पुढच्या चवड्यावर, पावलं छोटी आणि भराभर, कंबर सुटी, वरचं अंग मोकळं. मूल तालात आलं की समोरचा मारायच्या क्षणी जी लहानशी उडी लागते ती आपसूक येते. त्या माणसाने ढोल लावले आणि मैदानावरच्या सहा कोपऱ्यांकडे जायची पावलं त्या तालात बसवली. त्या वस्तीत प्रत्येक मुलाला नाच येत होता, बॅडमिंटन कुणालाच येत नव्हतं. जे येतं तिथून त्यांनी सुरुवात केली. दिन्या, तुझ्या पोरांना लेझीम येते. हलगीवर त्यांची पावलं बघ एकदा, मग मी काय म्हणतो ते कळेल.

आता कारकिर्दीकडे येतो. तुझा मुद्दा मला माहीत आहे. मागे तू म्हणालास की ऑल इंग्लंड, जागतिक स्पर्धा, ऑलिंपिक एवढंच खरं. बाकी खंडाखंडाच्या स्पर्धा म्हणजे आपापसात वाटून घेतलेली पदकं. आशियात बसून असं वाटणं साहजिक आहे. आपल्याकडे खंडीय स्पर्धेतच चीन, जपान, इंडोनेशिया, कोरिया, मलेशिया सगळे समोर असतात. पण अमेरिका खंडात चित्र अगदी वेगळं आहे आणि तिथल्या माणसाची कारकीर्द घडते ती त्या स्पर्धांमध्येच.

त्या खंडात दबदबा कॅनडाचा, त्याच्या जोडीला अमेरिकेचा. दोन्ही देशांत आशियाई वंशाच्या घरांतून हा खेळ जिवंत आहे, क्लब आहेत, प्रशिक्षक आहेत. दक्षिणेकडून त्यांना धक्का देणारा माणूस म्हणजे ग्वाटेमालाचा केव्हिन कॉर्डन. 2011 ला ग्वादालाहारात आणि 2015 ला टोरांटोत, अशी पॅन अमेरिकन, म्हणजे सगळ्या अमेरिका खंडाच्या क्रीडास्पर्धेतली सलग दोन सुवर्णं त्याने एकेरीत घेतली आणि पुढे टोकियो ऑलिंपिकच्या उपांत्य फेरीपर्यंत गेला, चौथा आला. एवढ्याशा देशातला डावखुरा माणूस! तो टोकियोत आला तेव्हा जगाला आश्चर्य वाटलं. पण अमेरिका खंडातल्या खेळाडूंनी त्याला दहा वर्षं आपल्याच हॉलमध्ये पाहिलेलं होतं.

ब्राझीलची पायरी मात्र हळूहळू चढत गेली. 2007 ची पॅन अमेरिकन स्पर्धा रिओतच झाली, तिथे पुरुष दुहेरीत त्यांना कांस्य मिळालं. 2015 ला टोरांटोत दोन रौप्यं आली: पुरुष दुहेरीत दानिएल पायोला आणि उगो आर्तुसो, आणि महिला दुहेरीत लुआना आणि लोहायनी व्हिसेंते या बहिणी. या बहिणी कुठल्या, तर त्याच शाक्रिन्याच्या, त्याच मिरातुसच्या हॉलमधल्या. एका वस्तीतल्या एका हॉलने देशाला खंडाचं रौप्य दिलं. मग 2016 ला रिओ ऑलिंपिकमध्ये ब्राझीलतर्फे बॅडमिंटनमध्ये पहिल्यांदाच कुणी उतरलं, ते हेच दोघं: लोहायनी आणि इगोर.

ती स्पर्धा रिओसेंत्रोत झाली. त्याच हॉलमध्ये आपल्या सिंधूने रौप्य मिळवलं, ती रात्र तू विसरला नसशील. आपण सिंधूसाठी जागत होतो, आणि त्याच्या थोडे दिवस आधी त्याच छपराखाली एकोणीस वर्षांचा इगोर आपल्या घरच्या शहरात, घरच्या लोकांसमोर खेळून गेला होता. आयर्लंडच्या स्कॉट एव्हन्सविरुद्ध पहिला गेम त्याने घेतला, दुसरा अगदी थोडक्यात गेला, तिसऱ्यात दमला. गटातच बाहेर पडला. रिओची ती गर्दी फुटबॉलसारखी गात होती, आणि या खेळात सर्व्हिसच्या वेळी शांतता लागते हेही त्यातल्या कित्येकांना नवीन होतं.

यानंतरचा भाग फारसा कुणाला दिसत नाही. तो डेन्मार्कला सरावाला जाऊन राहिला, कारण घरी त्याच्याशी रोज तोलामोलाने खेळेल असं कुणी नव्हतं. आणि खेळायचं कुठे? तर पेरू, मेक्सिको, ग्वाटेमाला, क्युबा, ब्राझील इथल्या छोट्या आंतरराष्ट्रीय स्पर्धांत. जागतिक क्रमवारी वर्षभरातल्या सर्वोत्तम दहा स्पर्धांच्या गुणांवर ठरते. मोठ्या स्पर्धेत पहिल्याच फेरीत हरलास तर तुटपुंजे गुण मिळतात. तेच आपल्या भागातली छोटी स्पर्धा जिंकलास तर बरे मिळतात आणि त्यातूनच मोठ्या स्पर्धेचं दार उघडतं. म्हणजे या स्पर्धा टाळून वर जाता येतच नाही. त्यात त्या खंडातली अंतरं बघ. रिओहून मेक्सिको सिटी म्हणजे मुंबईहून लंडन गाठण्याइतकं. आपल्याकडे पश्चिम विभागाच्या स्पर्धेला रात्रीच्या रेल्वेने जाता येतं.

शिवाय उंची. ही गोष्ट तुला आवडेल. ग्वाटेमाला सिटी साधारण दीड हजार मीटरवर, मेक्सिको सिटी सव्वादोन हजारांच्या वर, बोगोता त्याहून उंच. आणि पेरूचं लिमा, क्युबाचं हवाना, रिओ समुद्राकाठी. उंचावर हवा विरळ, म्हणून तेच फूल लांब जातं. जो टॉस, म्हणजे मागे मारलेला उंच फटका, समुद्राकाठी शेवटच्या रेषेवर पडतो तो तिथे बाहेर. म्हणून उंचावर कमी आकड्याची, म्हणजे संथ फुलं वापरतात, तरी हाताचा अंदाज बदलावाच लागतो. एका आठवड्यात बाहेर जाणारे टॉस आवरायचे, पुढच्या आठवड्यात समुद्राकाठच्या दाट हवेत तेच फूल आखूड पडतं. ज्याने त्या खंडात वर्षानुवर्षं काढली त्याला कुठल्याही हॉलची हवा पहिल्या दहा गुणांत कळते. हे कुठल्या अकादमीत शिकवणार?

2017 ला हवानात आणि 2018 ला ग्वाटेमाला सिटीत तो खंडाचा अजिंक्यपद विजेता झाला. एक समुद्राकाठी, एक डोंगरात. मला ही जोडी फार बोलकी वाटते.

आणि मग लिमा. ऑगस्ट 2019. पॅन अमेरिकन स्पर्धेची अंतिम लढत, समोर कॅनडाचा ब्रायन यांग, वय फक्त सतरा, पण हात असा की पुढे तो जगातल्या पहिल्या फळीत जाणार हे तेव्हाच दिसत होतं. पहिला गेम 21-19. दोन गुणांचं अंतर, आणि त्या दोन गुणांतच सामना होता असं मला वाटतं. कारण दुसरा गेम 21-10. पहिला गेम हातचा गेला की तरुण पोराचं काय होतं ते आपण किती वेळा पाहिलंय. इगोर तेव्हा बावीस वर्षांचा, पण गमावलेले तिसरे गेम, परक्या देशातले हिवाळे आणि त्या सगळ्या छोट्या स्पर्धा पाठीशी घेऊन उभा होता. पॅन अमेरिकन स्पर्धेतलं बॅडमिंटनमधलं ब्राझीलचं ते पहिलं सुवर्ण. 1995 पासून हा खेळ त्या स्पर्धेत आहे. म्हणजे चोवीस वर्षं लागली.

आता तू म्हणशील, लिमात चीन नव्हता, डेन्मार्क नव्हता. नव्हतेच. पण आपल्याच सांगलीचे नंदू नाटेकर आठव. 1954 ला ते ऑल इंग्लंडच्या उपांत्यपूर्व फेरीपर्यंत पोहोचले होते; तरी भारतीयाने परदेशात जिंकलेलं पहिलं विजेतेपद आलं ते 1956 ला क्वालालंपूरच्या सेलंगोर स्पर्धेत. ती काही ऑल इंग्लंड नव्हती, म्हणून कुणी ती खाली टाकली का? परक्या मैदानावर शेवटचा गुण आपला असतो हे देशाला कुणीतरी आधी दाखवावं लागतं. नाटेकरांनी ते दाखवलं, मग प्रकाश पदुकोण आले. मी हे मनापासून मानतो, दिन्या. मोठ्या स्पर्धेत चांगलं हरण्यापेक्षा आपल्या पातळीवर अंतिम सामना जिंकणं ही वेगळी आणि अवघड विद्या आहे, आणि ती जिंकल्याशिवाय येत नाही.

लिमानंतर त्याच्या खुब्याच्या सांध्याची शस्त्रक्रिया झाली. बॅडमिंटनवाल्याचा खुबा म्हणजे नेटजवळचं प्रत्येक लांब पाऊल. तिथे कापाकापी म्हटल्यावर मीच हादरलो होतो. करोनामुळे टोकियो ऑलिंपिक वर्षभर पुढे गेलं आणि त्याला सावरायला वेळ मिळाला. 2021 ला तिथे मॉरिशसच्या जॉर्ज ज्युलियन पॉलला त्याने 21-5, 21-16 असं हरवलं. ऑलिंपिकमध्ये ब्राझीलने जिंकलेला हा बॅडमिंटनचा पहिला सामना. पुढच्या सामन्यात जपानच्या कांता त्सुनेयामाने त्याला बाहेर काढलं, त्यात नवल नाही. 2024 ला तो पॅरिसलाही होता, म्हणजे सलग तीन ऑलिंपिक. शाक्रिन्यातल्या मुलाची तीन ऑलिंपिक, आणि प्रत्येकाचं तिकीट त्या भागातल्या स्पर्धांतून कमावलेलं किंवा त्यांच्या बळावर टिकवलेलं.

आता तुझ्या त्या मुलीबद्दल, कारण पत्राचं खरं कारण तेच आहे. ती विभागीय स्पर्धेत उपांत्य फेरीत हरली, आणि तू लिहितोस की विभागापर्यंत जाणारी पोरं तयार करण्यात आयुष्य घालवायचं का. मला हे वाक्य वाचून फार वाईट वाटलं. विभागाची उपांत्य फेरी म्हणजे तिच्या वयाच्या शेकडो मुली मागे राहिल्या. तिला वरच्या स्पर्धेत एकदम ढकलू नकोस. विभागातच अजून खेळू दे, तिथे एक स्पर्धा जिंकू दे. जिथे ती हरली तो हॉल समुद्राकाठचा होता, तुझ्या गावाची हवा वेगळी. तिचे टॉस आखूड पडत होते असं तूच लिहिलंस. तिचा खेळ बिघडला असं म्हणू नकोस, तिला तिथल्या हवेत अजून चार सामने हवेत. त्या अंतिम फेरीपर्यंतच्या प्रवासाचा खर्च मी आणि आपली जुनी मंडळी मिळून उचलतो, यावर वाद घालू नकोस.

आणखी एक सांगायचं राहिलं. ब्राझीलमध्ये आता हा खेळ फक्त रिओचा राहिलेला नाही. ईशान्येकडे पियाउई राज्यात तेरेसिना नावाचं शहर आहे, रणरणत्या उन्हाचं. फाब्रिसियो फारियास, जाकेलिन लिमा, सामिया लिमा हे तिथले. लिमाच्या त्याच स्पर्धेत त्यांनी कांस्यं मिळवली. आणि ज्युलियाना व्हियाना व्हिएराही तिथलीच, 2004 ची. पॅरिसमध्ये तिने हाँगकाँगच्या लो सिन यानला हरवलं. ऑलिंपिकमध्ये बॅडमिंटनचा सामना जिंकणारी ती ब्राझीलची पहिली महिला. जमलं तर तो सामना तुझ्या मुलीला दाखव. पहिला गेम नीट बघायला सांग, ज्युलियाना लांबच्या रॅलीत किती धीर धरते ते.

वहिनींना नमस्कार. आईंच्या गुडघ्याचं काय झालं ते लिही. पुढच्या विभागीय स्पर्धेची तारीख कळली की लगेच कळव, मला रजा टाकावी लागेल.

तुझाच,
मन्या