मणक्यातले पाणी तपासायला उशीर नको

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मेंदूज्वर हा शब्द विदर्भात कुणालाच नवा नाही. १९६५ साली नागपूरजवळच्या चांदीपुरा येथील रुग्णांच्या रक्तात सापडलेला विषाणू आजही जगभर त्याच गावाच्या नावाने ओळखला जातो. त्यामुळे मेंदूला सूज आली म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर पावसाळा, तापाने फणफणलेले लेकरू आणि डास-माश्यांची फवारणी येते. परंतु बाहेरचा कोणताही जंतू नसताना, शरीराची स्वतःचीच प्रतिकारशक्ती मेंदूवर उलटल्यानेही असा दाह होतो, आणि त्याची सुरुवात पुष्कळदा तापाने नव्हे तर वागण्यातल्या बदलाने होते. हे मला गेल्या वर्षी मुलीच्या आजारपणात कळले, आणि फार उशिरा कळले, म्हणून हे पत्र लिहीत आहे.

मुलगी एकोणीस वर्षांची, बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला होती. आठवडाभर डोके दुखत होते, थोडी कणकण होती. त्यानंतर सलग चार रात्री तिची झोप उडाली. दार लावले का, हे ती मिनिटामिनिटाला विचारू लागली आणि आई वरणात काहीतरी कालवते असे म्हणून ताट सरकवू लागली. तिच्या प्रॅक्टिकलच्या जर्नलचे ते पान मी अजून जपून ठेवले आहे. वरच्या चार ओळी तिच्या नेहमीच्या टपोऱ्या अक्षरांत आहेत, पाचव्या ओळीपासून अक्षरे रेघ सोडून खाली घसरत जातात आणि पुढे एकच शब्द सात वेळा लिहिलेला आहे. नातेवाइकांपैकी कुणी अभ्यासाचे टेन्शन म्हणाले, कुणी ‘बाहेरचे’ झाले म्हणून लिंबू उतरवले. आम्ही तिला ज्या रुग्णालयात नेले, तेथे ओठ आणि जबडा सारखा हलताना पाहून ‘खर्रा खाते काय?’ असे आम्हाला विचारले गेले. वास्तविक तोंडाची ती चघळल्यासारखी हालचाल हीच या आजाराची मोठी खूण होती. मानसिक आजाराचे इंजेक्शन दिल्यावर तिचे अंग लाकडासारखे ताठ झाले, ताप चढला आणि बाराव्या दिवशी झटका आला, तेव्हा कुठे तिला मेंदूविकारतज्ज्ञांकडे पाठवण्यात आले.

तिला झालेला आजार ‘अँटी-एनएमडीए रिसेप्टर एन्सेफलायटिस’ या नावाने ओळखला जातो. जोसेप दालमाउ व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००७ मध्ये त्यामागची प्रतिपिंडे (अँटिबॉडी, म्हणजे एरवी जंतूंशी लढणारी शरीरातली प्रथिने) शोधून काढली. त्यापूर्वी असे किती रुग्ण वेडाच्या नावाखाली गेले असतील, याची कल्पना करवत नाही. स्मृती आणि विचार यांच्यासाठी आवश्यक असलेले मेंदूतले रिसेप्टर, म्हणजे पेशींवरचे संदेश झेलणारे रेणू, ही प्रतिपिंडे पेशींच्या पृष्ठभागावरून नाहीसे करतात, म्हणून आधी भ्रम व संशय, मग झटके, अनैच्छिक हालचाली, वाचा बसणे आणि शेवटी श्वास व रक्तदाब यांवरचा ताबा सुटणे, अशी पायरीपायरीने घसरण होते. हा आजार तरुण मुलींमध्ये अधिक आढळतो. त्यांतल्या काहींच्या बीजकोशात टेराटोमा नावाची गाठ असते. तिच्यात केस, दात यांच्यासोबत मेंदूसारख्या पेशीही असू शकतात, आणि त्यांच्याविरुद्ध तयार झालेली प्रतिपिंडे खऱ्या मेंदूवर जाऊन बसतात. अविवाहित मुलीच्या ओटीपोटाची सोनोग्राफी म्हटली की आपल्याकडे घरातली माणसे बिचकतात, आम्हीही बिचकलो; पण माझ्या मुलीच्या उजव्या बीजकोशातली लिंबाएवढी गाठ त्याच तपासणीत सापडली.

एमआरआय निर्दोष आला तेव्हा आम्हाला हायसे वाटले होते. या आजाराच्या निम्म्याहून अधिक रुग्णांचा पहिला एमआरआय निर्दोषच असतो, हे तेव्हा ठाऊक नव्हते. मेंदूतल्या विद्युत लहरी नोंदवणाऱ्या ईईजीत मात्र बहुतेकांच्या बाबतीत दोष दिसतो, आणि खरे उत्तर मणक्यातल्या पाण्यात, म्हणजे मेंदू व मज्जारज्जूभोवतीच्या द्रवात, मिळते. ‘पाणी काढले की माणूस लुळा होतो’ ही आपल्याकडची समजूत इतकी घट्ट आहे की संमतिपत्रावर सही करायला मी स्वतः दीड दिवस घालवला. ती सुई पाठीच्या कण्याच्या खालच्या भागात, जिथे मज्जारज्जू संपलेला असतो तिथे टोचतात. नंतर डोके दुखू शकते, पण त्याने लुळेपणा येत नाही. तो दीड दिवस मला आजही सलतो. केवळ रक्त तपासून भागत नाही, कारण काही रुग्णांच्या रक्तात प्रतिपिंडे सापडत नाहीत आणि पाण्यात मात्र सापडतात.

आमचा नमुना मुंबईला गेला आणि अहवाल आठ दिवसांनी आला. सुदैवाने डॉक्टर त्यासाठी थांबले नाहीत. संसर्ग नाही याची शक्य तेवढी खात्री करून त्यांनी मिथाइलप्रेडनिसोलोन हे दाह कमी करणारे स्टेरॉइड सुरू केले आणि नंतर इम्युनोग्लोब्युलिन, म्हणजे दात्यांच्या रक्तातून वेगळी काढलेली प्रतिपिंडे, दिले. इम्युनोग्लोब्युलिनचे प्रमाण वजनावर ठरते. पन्नास किलोच्या मुलीला पाच दिवसांत शंभर ग्रॅम, म्हणजे पाच ग्रॅमच्या वीस बाटल्या लागल्या. प्रत्येक बाटली आणायला मी किंवा माझा भाऊ जात असू, आणि घरातले काय विकायचे याचा हिशोब त्या वाटेवरच होत असे. याने भागले नाही तर प्लाझ्मा (रक्तातला द्रव भाग) बदलणे आणि प्रतिकारशक्तीच्या काही पेशी कमी करणारे रिटुक्सिमॅब हे औषध, हे पुढचे उपाय आहेत. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ५७७ रुग्णांच्या अभ्यासात, दोन वर्षे पाठपुरावा झालेल्यांपैकी ८१ टक्के चांगले सुधारले होते आणि लवकर उपचार मिळालेल्यांचे निकाल अधिक चांगले होते. माझी मुलगी अकराव्या आठवड्यात आम्हाला नावाने ओळखू लागली. यंदा ती पुन्हा महाविद्यालयात जाते. सलग तासभर वाचन मात्र अजून जमत नाही.

मानसिक आजार असलेल्या प्रत्येकाला हा दाह असतो, असे मुळीच नाही. बहुतेकांना नसतो, आणि मनोविकारतज्ज्ञांकडे जाण्यात काही कमीपणाही नाही; उलट असे रुग्ण पहिल्यांदा त्यांच्याच समोर येतात, म्हणून त्यांच्यावर माझी भिस्त अधिक आहे. पण पूर्वी कधी त्रास नसलेली व्यक्ती काही दिवसांत किंवा आठवड्यांत बदलली आणि सोबत झटका, ताप, बोलण्यातली अडखळ, विचित्र हालचाल किंवा औषधाने आलेला ताठरपणा दिसला, तर ईईजी आणि मणक्यातले पाणी यांचा विचार पहिल्या आठवड्यातच व्हावा. साठीच्या पुढच्या पुरुषांत याच जातीचा दुसरा एक आजार दिसतो. त्यात एका बाजूचा चेहरा आणि हात क्षणभर आखडतो, असे दिवसातून अनेकदा होते, रक्तातले सोडियम उतरते आणि विसरभोळेपणा झपाट्याने वाढतो. ‘म्हातारपण आहे’ म्हणून तो सोडून देऊ नये.

नागपूरच्या मेडिकल, मेयो आणि मिहानमधील एम्स या सरकारी रुग्णालयांत चंद्रपूर-गडचिरोलीपासून छिंदवाडा-बालाघाटपर्यंतचे रुग्ण येतात. या प्रतिपिंडांची चाचणी तेथे विनामूल्य आणि दोन-तीन दिवसांत होईल अशी सोय शासनाने करावी, आणि इम्युनोग्लोब्युलिनचा साठा या रुग्णांसाठी राखून ठेवावा. प्रादेशिक मनोरुग्णालयात दाखल होणाऱ्या, आजार नुकताच सुरू झालेल्या तरुण रुग्णांची मेंदूविकारतज्ज्ञांकडून एकदा तपासणी व्हावी, अशीही माझी विनंती आहे. गडचिरोलीच्या टोकाच्या तालुक्यातून निघालेल्या एखाद्या बापाला नागपूर गाठायलाच एक दिवस लागतो; तपासणीसाठी त्याचे आणखी बारा दिवस जाऊ नयेत.

आपला,
एक वाचक, नागपूर