जिन्याच्या दिव्याचा हिशेब मागायला शिकवणाऱ्या काकूंना

आदरणीय काकू,
सप्रेम नमस्कार.

या महिन्याच्या बिलात ‘सामायिक आकार’ या रकान्यात पहिल्यांदाच वजाबाकी दिसली. बंद खोल्यांचा जो वाटा आम्हा राहणाऱ्यांवर टाकला जात होता, तो निघाला. आधी घेतलेली रक्कम पुढच्या बिलांत वळती करू, असं लेखी मिळालंय. तोंडी आभार मानले असते तर तुम्ही ते हसण्यावारी नेले असते, म्हणून हे चारचौघांत लिहितोय. कार्यालयाचं नाव घालू नका, असं तुमचंच सांगणं, घालत नाही.

सांगलीत भाड्याच्या मानाने आमच्या खोल्या स्वस्तच. पण भाड्याच्या खाली जिन्याचे दिवे, पाण्याची मोटर, टाकीची सफाई, झाडलोट हे सगळं एकाच आकड्यात येतं, आणि तो आकडा दरवर्षी फुगतो. खाजगी मालक असता तर दारात जाऊन भांडता आलं असतं. इथं मालक म्हणजे सरकारी कार्यालयातली टेबलं! शेवटी इमारतीत भाडंच बंद करायची भाषा सुरू झाली.

ती तुम्ही पहिल्याच बैठकीत मोडून काढलीत. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा 1999 हा सरकारच्या किंवा स्थानिक संस्थेच्या मालकीच्या जागेला लागू होत नाही, म्हणजे भाडं थकवलं तर आम्हाला त्याचा आधार नाही, हे आमच्यातल्या बहुतेकांना ठाऊकच नव्हतं. “भाडं वेळच्या वेळी भरा, आकार तक्रार नोंदवून भरा, आणि प्रत्येक कागदाची पोच घ्या,” हे तुमचं वाक्य आता तळमजल्यावरची आजीसुद्धा म्हणून दाखवते.

मग तो माहिती अधिकाराचा अर्ज. आमच्या मसुद्यात आकाराबरोबर गळका नळ, तुंबलेलं गटार आणि साहेबांची भाषा, सगळं होतं. राज्याच्या नियमानुसार एका अर्जात एकच विषय आणि साधारण 150 शब्द, असं सांगून तुम्ही लाल पेन घेतलंत. त्या खाडाखोडीत बऱ्याच जणांचा राग कापला गेला, थोडी कुरकुरही झाली. उरलं ते एवढंच: सामायिक खर्चाची बिलं, वाटणीचा आदेश आणि नोंदवह्या प्रत्यक्ष बघायला मिळाव्यात. 10 रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प लावलं आणि 30 दिवसांची मुदत मोजायला लागलो. नकला मागण्याऐवजी पाहणी मागायची, तिचा पहिला तास फुकट असतो, हे जिल्हा परिषदेच्या लेखा विभागात जन्म काढलेल्या माणसालाच सुचणार.

त्या टेबलावर तुम्ही वह्या वाचल्यात ते आम्ही मागे उभं राहून बघत होतो. आवाज चढवला नाहीत, कुणावर आरोप केला नाहीत. “भागिले किती खोल्या?” एवढंच विचारलंत. भागाकार फक्त भरलेल्या खोल्यांनी होत होता. त्या लिपिकाचंही खरं सांगायला हवं: त्याला जे सूत्र हातात दिलं होतं, तेच तो चालवत होता, आणि चूक दिसल्यावर टिपण त्यानंच वर पाठवलं.

ऑगस्ट 2019 ला आयर्विन पुलापाशी कृष्णा 57 फुटांवर गेली, तेव्हा आमची मोटर बुडाली आणि नवी बसली. तिचे पैसे ‘पूर दुरुस्ती’ म्हणून त्यानंतरही दरवर्षी लागत होते. “मोटर एकदाच बसली ना?” या तुमच्या प्रश्नावर खोलीत कुणी काही बोललं नाही. ती ओळ आता बिलात नाही.

जिन्याच्या मीटरचं मात्र तुम्ही लाइट बिलावरच्या दर संकेतावर बोट ठेवेपर्यंत कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं. राहत्या इमारतीतला जिना आणि मोटर घरगुती दरात बसायला हवेत. आमचं मीटर बांधकामापासून व्यापारी दरात चाललं होतं. वर्ग बदलण्याचा अर्ज मालकानंच द्यायचा असल्यानं तिथं अजून घोडं अडलंय.

वॉचमनच्या पगाराचा प्रश्नही तसाच आहे. रात्री वॉचमन दिसत नाही, बिलात मात्र असतो. हजेरीपट मागितला तर उडवाउडवीचं उत्तर आलं, म्हणून मुदतीत पहिलं अपील केलंय. सुनावणीला उन्हाचं तुम्ही येऊ नका, आम्हीच जातो. फाइल तेवढी आदल्या संध्याकाळी आणून दाखवतो. पानांना नंबर घातलेत.

आपली,
तळमजला ते तिसरा मजला, सगळी बिऱ्हाडं