वेल्सच्या आधीचं घड्याळ

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत काळात मागेपुढे नेणाऱ्या काल्पनिक यंत्रांवर आलेला लेख आवडला. मात्र या यंत्राचे जनक एच. जी. वेल्स, हे त्यातलं विधान दुरुस्त व्हायला हवं. त्यांची 'द टाइम मशीन' ही कादंबरी १८९५ ची. त्याआधी आठ वर्षं, १८८७ मध्ये, एन्रिके गास्पार या स्पॅनिश लेखकाने विजेवर चालणाऱ्या यंत्रात बसवून आपली पात्रं भूतकाळात धाडली होती. काळाबरोबर मागे जाताना प्रवाशांचं वय उतरत जाऊन ते तान्ही बाळंच होतील, हेही त्याच्या ध्यानात आलं होतं. त्यासाठी 'गार्सिया फ्लुइड' नावाची तजवीज त्याने करून ठेवली.

त्याहून जुनी कथा १८८१ ची. एडवर्ड पेज मिचेल यांची 'द क्लॉक दॅट वेंट बॅकवर्ड' न्यूयॉर्कच्या 'द सन' या दैनिकात छापून आली, तीही लेखकाच्या नावाशिवाय. तिच्यात यंत्र म्हणजे एक जुनं घड्याळ. घरातली मावशी त्याला चावी देते आणि काटे उलटे धावू लागतात. पुढे हेच घड्याळ दोघा तरुणांना १५७४ मध्ये हॉलंडमधल्या लायडन शहराला पडलेल्या वेढ्यात नेऊन सोडतं.

माझा जन्म घड्याळं दुरुस्त करण्यात गेला, म्हणून या कथेवर माझा जरा जास्त जीव आहे. चावीच्या घड्याळात स्प्रिंगचा जोर एकाच दिशेने लागतो आणि एस्केपमेंट, म्हणजे चाकाला थोपवत पुढे सोडणारा भाग, चाकाचा एकेक दात त्याच दिशेने सोडतं. टोल्यांच्या जुन्या घड्याळाचा मिनिटकाटा हाताने मागे फिरवला, तर टोल्यांचा मेळ चुकतो. वाजतात चार आणि टोले पडतात पाच. काटा मागे न्यायचा नाही, पुढेच फिरवत आणायचा, हे आम्ही गिऱ्हाइकाला बजावून सांगायचो. मिचेलने नेमकी हीच मनाई मोडून कथा रचली. पण त्याच्या पात्रांना साल निवडता येत नाही. घड्याळ नेईल तिकडे मुकाट्याने जायचं.

वेल्सचं श्रेय मी नाकारत नाही, ते वेगळ्या जागी आहे. त्याने यंत्राच्या नाड्या बसणाऱ्याच्या हातात दिल्या. त्याच्या यंत्राला खोगीर आहे, ते चालवायचे दोन दांडे आहेत (ते काढून खिशात टाकता येतात, चोरापासून बंदोबस्त म्हणून ही युक्ती उत्तम) आणि मुख्य म्हणजे तबकड्या आहेत. एक दिवस मोजते, दुसरी हजार दिवस, तिसरी दहा लाख दिवस आणि चौथी त्याच्याही हजारपट. वर्ष दाखवणारी एकही नाही! प्रवासी इसवी सन ८०२७०१ मध्ये उतरतो. १८९५ पासून धरलं तर हे अंतर साधारण २९ कोटी २५ लाख दिवसांचं. म्हणजे तिसऱ्या तबकडीवर २९२ चा आकडा वाचायचा आणि भागाकार करत बसायचं. तबकड्या घडवणाऱ्याने एवढा त्रास गिऱ्हाइकाला देऊ नये.

पुढच्या टप्प्यात हजाराच्या तबकडीवरचा काटा सेकंदकाट्याच्या वेगाने फिरत होता, असं वेल्स लिहितो. त्या काट्याचा एक फेरा म्हणजे दहा लाख दिवस धरले, तर मिनिटाला सुमारे २७४० वर्षं झाली. प्रवासी तीन कोटींहून अधिक वर्षं पुढे जातो. या वेगाने त्याला खोगिरावर साडेसात दिवस बसावं लागलं असतं, तेही अन्नपाण्यावाचून. वाटेत त्याने वेग वाढवला असेल, असं म्हणून आपण सोडून द्यायचं.

लेखात हॅरी पॉटरच्या १९९९ च्या कादंबरीतल्या गळ्यातल्या वाळूच्या घड्याळाची 'परीकथेतलं खेळणं' अशी बोळवण केली आहे. ते मला पटलं नाही. वाळूचं घड्याळ किती वाजले ते सांगत नाही, किती वेळ सरला तेवढंच सांगतं. ते गळ्यात घालणाऱ्या हर्मायनीलाही तारीख-वार नको आहेत, तिला गेलेले काही तास परत हवे आहेत. तीन वेळा उलटं केलं की तीन तास मागे. कामाला साजेसं यंत्र निवडणं यालाच म्हणतात, आणि या बाबतीत ते वेल्सच्या तबकड्यांपेक्षा सरस आहे.

विनंती एवढीच की पुढच्या अंकात दुरुस्ती छापावी आणि जमल्यास मिचेलच्या त्या कथेचा मराठी अनुवाद पुरवणीत द्यावा. ते १९२७ मध्ये वारले, त्यामुळे हक्कांची अडचण येऊ नये. कथा लहान आहे, फार तर दोन रविवार लागतील.

आपला,
एक जुना वर्गणीदार
(निवृत्त घड्याळ दुरुस्ती कारागीर)