सूचना : काचगायकांच्या बेटाची बैठक

सर्व सभासदांना नमस्कार. आपण लिहीत असलेल्या कल्पित बेटावरच्या काचगायकांच्या (काचेच्या नादावर गाणाऱ्यांच्या) प्रकरणासाठी येत्या रविवारी सकाळी १० वाजता नेहमीच्या जागी बैठक आहे. सुधारलेले मसुदे शुक्रवारी रात्रीपर्यंत पाठवावेत. यंदा सूट नाही.

बहुतेकांनी मसुद्यांत गायकांना ऑब्सिडियनच्या, म्हणजे ज्वालामुखीतून बनणाऱ्या नैसर्गिक काचेच्या, कडेवरून ओलं बोट फिरवायला लावलंय. बोट कापेल हो! अमेरिकन संशोधक बेंजामिन फ्रँकलिनच्या १७६१ च्या काचवाद्यात ते जमतं, कारण तिथल्या वाट्यांच्या कडा गुळगुळीत असतात. ऑब्सिडियन मात्र शिंपल्यासारखं वळणदार फुटतं आणि त्याला पोलादी पात्याहून बारीक धार येते. त्यापेक्षा ऑब्सिडियनच्या लांब, सडपातळ कांड्या घ्या. दोन्ही टोकांपासून लांबीच्या साधारण २२ टक्क्यांवर दोरा बांधून आडव्या टांगा आणि लाकडी काडीने हलकेच छेडा. तिथे कंप जवळजवळ नसतो, म्हणून दोरा नाद दाबत नाही. त्या नादावर षड्ज धरून गायक गाऊ दे. जलतरंग ऐकलेल्यांना हे लगेच पटेल.

ज्वालामुखीही तपासा. ऑब्सिडियन बनायला सिलिका (वाळूतला मुख्य घटक) भरपूर असलेला, झटपट थंडावणारा लाव्हा हवा. सह्याद्रीचा बेसॉल्ट इथे चालणार नाही.

बैठकीत ऑब्सिडियनचे तुकडे पाहायला मिळतील. हातमोजे घालूनच हाताळावेत, लहान मुलांना आणू नये.

– संयोजक